साडीच्या खोक्यातला झिंटॉन

मी झिंटॉन बोलतोय. झिलमिल नावाच्या ग्रहावरून मी पृथ्वीवर आलो, असं माझ्या पाठीवर स्केचपेननं लिहिलंय. पोटात, आतल्या बाजूला, एका साडीच्या दुकानाचं नाव छापलेलं आहे आणि त्याखाली 'पहिल्यांदा ड्राय वॉश करावे' अशी सूचना आहे. मी दोन्ही खरं धरून चालतो.

माझा जन्म पुठ्ठ्याच्या खोक्याचा. बेळगावात वडगावच्या एका गल्लीत किशन आणि पूर्णिमा यांचं घर आहे. पुढच्या खोलीत दोन माग. किशन साड्या विणतो, पूर्णिमा मधल्या खोलीत चाकावर कांड्या भरते, म्हणजे मागावर आडवं जाणारं सूत छोट्या नळ्यांवर गुंडाळून देते. विणलेल्या साड्या घडी होऊन खोक्यात बसतात आणि दुकानाला जातात. माझा एक कोपरा चेपलेला होता, म्हणून मला साडी मिळाली नाही. मी कॉटखाली गेलो. तिथं किशनची आई, सोनाबाई, माझ्यात आपल्या औषधाच्या गोळ्या आणि सुपारी ठेवायची. पुढं माझं काही नाव होईल असं तेव्हा कुणालाच वाटलं नव्हतं, मलाही नाही.

या घराची एक गोष्ट आधीच सांगून टाकतो. इथं सगळे ओरडून बोलतात. भांडण म्हणून नव्हे. दोन माग खडाखडा चालू असले की शेजारी बसलेल्या माणसाचं शिंकणंसुद्धा ऐकू येत नाही. 'चहा ठेव' म्हणायचं तरी पोटातून आवाज काढायला लागतो. वीज गेली की माग थांबतात, पण माणसांचे आवाज काही खाली येत नाहीत. त्यांना ते कळतच नाही. घरातल्या लेकरांना पहिला शब्द फुटतो तोच दोन मागांच्या वरून.

राणी ही पूर्णिमाची मुलगी. वय नऊ. तिसरीपर्यंत गल्लीतल्या मराठी शाळेत होती. तिथं वर्गातली बहुतेक पोरं मागवाल्यांचीच, त्यामुळं एखादं पोर हळू बोललं तर बाई विचारायच्या, ताप आलाय काय रे? यंदा जूनमध्ये किशननं राणीला इंग्रजी शाळेत घातलं. तिथं इंग्रजी, मध्ये कन्नड, आणि सुट्टीत जमेल ते. जूनपासून राणी त्या शाळेत एक अक्षर बोलली नाही.

घरात तिची टकळी चालू. शाळेच्या फाटकात पाय ठेवला की बंद.

पूर्णिमाचं काळीज आधीच लहान. राणी झोपेत खोकली तरी ती उठून बसते. गॅस बंद केलाय का हे बघायला ती बाजारातून परत येते. आता तर तिला खरंच काळजीचं कारण मिळालं होतं. तिनं राणीला डॉक्टरकडं नेलं. डॉक्टरनी जीभ बाहेर काढायला सांगितली. राणीनं काढली. जीभ चांगली होती. सोनाबाईनं मीठमोहऱ्या उतरून टाकल्या. मोहऱ्या तडतडल्या, राणी शाळेत गप्पच राहिली.

मग वर्गाच्या दीप्ती मॅडमनी पूर्णिमाला बोलावून घेतलं. या मॅडम निपाणीकडच्या, कन्नड आणि मराठी दोन्ही सारखंच गोड बोलणाऱ्या. त्या म्हणाल्या, "लिहिण्यात हुशार आहे ओ तुमची राणी. पण तोंडीला काय करू? प्रदर्शन येतंय. प्रत्येक मुलानं आपलं मॉडेल आणायचं आणि त्याची माहिती स्वतः सांगायची. तिथं तरी बोलू दे. नाहीतर मोठ्या मॅडम म्हणतायत, तिला परत तिसरीत बसवूया."

पूर्णिमानं काहीतरी उत्तर दिलं. मॅडमना ते ऐकायला वाकायला लागलं. "काय म्हणालात?" पूर्णिमानं परत सांगितलं. मॅडम अजून वाकल्या. पूर्णिमा येळ्ळूरची, सातवी शिकलेली. घरात तिचा आवाज दोन गल्ल्या ओलांडून जातो, पण शाळेची पायरी दिसली की तो घशातच बसतो. शेवटी मॅडमनी मान डोलावली. पूर्णिमा काय म्हणाली ते त्यांना अजून माहीत नाही. ती म्हणाली होती, बरं.

हे सगळं तिनं घरी येऊन किशनला सांगितलं, म्हणून मला कॉटखाली नीट ऐकू आलं.

"तिसरीत बसवणार म्हणत्यात ओ पोरीला! मागं!" ती ओरडली.

"बोलंल की! घरात गप बसवंना झालीय, तिथं काय झालंय?" किशन माग चालवत ओरडला.

"राणे, काय करणार गं प्रदर्शनात? सूर्यमाला कर की! गोल गोल चेंडू लावायचे!" पूर्णिमा म्हणाली.

"रोबोट!" राणी म्हणाली. "खरा! चालणारा! रिमोटचा! दुसऱ्या ग्रहावरचा!"

"ग्रहावरचा कशाला गं? हितलाच कर की!"

"हितला असला तर त्याला बोलाय लागतंय. झिलमिल ग्रहावर कोण बोलत न्हाय. बटन दाबलं की काम होतंय."

पूर्णिमाचं कांड्यांचं चाक थांबलं. ती लेकीकडं बघत राहिली. मग तिनं कॉटखाली हात घातला आणि मला ओढून बाहेर काढलं. गोळ्या आणि सुपारी सोनाबाईच्या उशीखाली गेल्या. मी असा या व्यवसायात आलो.

माझी बांधणी किशनच्या मोबाईलवरचा एक व्हिडिओ बघून झाली. व्हिडिओतला मुलगा हिंदी बोलायचा, मध्येच इंग्रजी. 'बहुत आसान है' असं तो म्हणाला की पूर्णिमाला घाम फुटायचा. तिनं तो इतक्यांदा मागं नेऊन बघितला की सोनाबाई त्या मुलाला ओळखू लागली. "आला बघ पोरगा परत," असं म्हणायची.

धड म्हणजे मी स्वतः, साडीचं खोकं, वर चपातीला गुंडाळायचा चंदेरी कागद. डोकं तुपाच्या रिकाम्या डब्याचं. हात सुताच्या कोनांचे. सूत संपल्यावर जो कागदी शंकू उरतो ना, तो. डोक्यावर दोन रिकाम्या कांड्या, त्यांनी मी माझ्या ग्रहाशी संपर्क ठेवतो. कमरेला उरलेली जर. छातीवर बटनं म्हणून पूर्णिमाच्या टिकल्यांचं एक अख्खं पाकीट. डोळ्यांना दोन लाल दिवे. तोंड म्हणून लाल टोपण, बाटलीचं, घट्ट चिकटवलेलं.

मोटारी, चाकं, सेलची डबी आणि दोन खटके किशननं खडेबाजारातून आणले. रिमोट झाला साबणाच्या डबीचा. डबीतून एक लांब वायर निघते आणि माझ्या पाठीत शिरते. वायर असेल तर तो कसला रिमोट, असं कुणी म्हणेल. झिलमिलवर तंत्रज्ञान एवढंच पुढं गेलंय.

वायरींचं काम राणीनं केलं. नेलकटरनं वायरीचं वरचं साल सोलायचं, आतली तांब्याची तार मोकळी करायची, दोन तारा एकमेकींना पिळायच्या, वर चिकटपट्टी. पूर्णिमा त्या वेळी कांड्या भरत होती. तिला वायरींची भीती.

"करंट लागंल तिला! बघा ओ जरा!" ती चाकावरूनच ओरडली.

"दोन सेलचा करंट हाय! डास मरायचा न्हाय त्यानं!" किशन म्हणाला.

"डोळ्यात जाईल डिंक!"

"डोळ्यात कसा जाईल? ती डोळं लावालीय त्येला!"

खरंच, त्याच वेळी माझे डोळे लागत होते. पहिल्यांदा दिसली ती राणी. नाकाला डिंक लागलेला. ती माझ्या अगदी जवळ आली, तुपाच्या डब्याला कान असतात तिथं, आणि मी तिचा दुसरा आवाज ऐकला. हळू आवाज. तोपर्यंत या घरात तसला आवाज असतो हेच मला माहीत नव्हतं.

ती म्हणाली, "झिंटॉन, कुणाला सांगू नको. पहिल्या दिवशी मॅडमनी नाव विचारलं. मी सांगितलं. घरात सांगतो तसंच सांगितलं. सगळा वर्ग दचकला. एकानं कानात बोटं घातली. मग सगळ्यांनी घातली. मला लाऊडस्पीकर म्हणाले. मी परत बोलणारच न्हाय तिथं. आईला सांगू नको, तिला लई वाईट वाटंल."

मी नाही सांगितलं. दिलेलं काम नीट केलं असं मी आयुष्यात एकदाच म्हणू शकतो, ते हे. पण पुढं जे झालं ते बघता, मी ते काम जरा वाईट केलं असतं तर बरं झालं असतं. पूर्णिमा चार हात अंतरावर बसून देवाला विचारत होती, माझ्या पोरीला झालंय काय? आणि उत्तर तिच्यासमोर टिकल्या लावून उभं होतं.

पहिली चाचणी पुढच्या खोलीत झाली. राणीनं दोन्ही खटके दाबले. उजवी मोटार डावीपेक्षा जोरात निघाली आणि मी जागच्या जागी गोल फिरू लागलो.

"घाण्याचा बैल झालाय की रं ह्यो!" किशन म्हणाला.

"झिंट्या, सरळ चाल की बाबा," सोनाबाई म्हणाली. तिला माझं पूर्ण नाव जमत नाही. माझ्यासाठी तिनं चहा मात्र बाजूला ठेवला होता. तो नंतर तीच प्यायली.

मी सरळ कधीच चाललो नाही. राणीनं त्याचं कारण शोधलं: झिलमिल ग्रह लहान आहे, तिथं सरळ गेलं तरी माणूस गोल फिरूनच येतो.

आता बोलायची तयारी. मोबाईलवरून इंग्रजीत चार वाक्यं काढली. माय नेम इज राणी. धिस इज माय रोबोट, झिंटॉन. पुढं मोटार, पुढं खटके. राणीनं ती मागाच्या आवाजावरून खणखणीत म्हटली. एक शब्द अडखळला नाही. मला अभिमान वाटला. टोपणामुळं दाखवता आला नाही.

पण पूर्णिमाला काळजी वाटली. "बरोबर हाय, पण एवढं मोठ्यानं नको. शाळा हाय ती. शाळेत हळू बोलत्यात."

राणीनं हळू म्हटलं.

"अजून हळू."

अजून हळू म्हटलं.

"अजून थोडं. मॅडम बोलत्यात तसं."

शेवटी राणीचे ओठ हलले आणि काहीच ऐकू आलं नाही.

"आता बरोबर," पूर्णिमा म्हणाली.

असा रोज सराव झाला. पूर्णिमाला ती वाक्यं पाठ झाली, सोनाबाईला अर्धी झाली. लेकीचा आवाज आणखी खाली कसा नेता येईल, हे पूर्णिमा जिवापाड मेहनतीनं तिला शिकवत होती, आणि रात्री देवापुढं हात जोडून मागत होती की पोरीला कंठ फुटू दे. देवाचीही पंचाईत झाली असणार.

प्रदर्शनाच्या दिवशी सकाळी राणी अंघोळीला गेली होती. पूर्णिमा मला पुसत होती. आधी दोनदा पुसलं होतं. पुसता पुसता मला उचलून तिनं कपाटाकडं नेलं, वायर कपाटाच्या दारात अडकली, तिला ते दिसलं नाही, ती पुढं चालली, आणि वायर पाठीपाशी तटकन तुटली. एक लाल टोक, एक काळं टोक, दोन माझ्याकडं, दोन रिमोटकडं.

पूर्णिमाचा चेहरा पांढरा पडला. पण तिचे हात काही घाबरले नाहीत. या घरात दिवसभर एकच गोष्ट तुटते आणि ती म्हणजे धागा. आणि तुटल्यावर काय करायचं हे इथल्या हातांना विचारायला लागत नाही. तिनं लाल टोक लालशी घेतलं, काळं काळ्याशी. अंगठ्याखाली दोन्ही टोकं आडवी धरली, एक फास, एक ओढ, आणि विणकराची गाठ मारली. बारीक, सपाट, साडीत विणली गेली तर सासरी पोचेपर्यंत कुणाला सापडू नये अशी. उरलेली टोकं दातांनी तोडली. ओढून बघितलं. गाठ घट्ट होती. तिनं वर चंदेरी कागद चिकटवला आणि सुस्कारा सोडला.

साल तसंच होतं. लाल प्लास्टिक लाल प्लास्टिकला मिठी मारून बसलं होतं. आतली तांब्याची तार तांब्याला भेटलीच नव्हती.

मला सगळं समजत होतं. पण मला तोंड म्हणून टोपण आहे, हे मी मघाशी सांगितलंच. सेल संपू नयेत म्हणून राणीनं काढून दप्तरात ठेवले होते, त्यामुळं चालवून बघायचा प्रश्न नव्हता. बाहेर किशन स्कूटरचा हॉर्न वाजवत होता.

"काय झालं गं आई?" राणी केस पुसत आली.

"कुठं काय? चल," पूर्णिमा म्हणाली. शाळेत जायच्या आधी पोरीचा धीर खचायला नको, असं तिला वाटलं.

शाळेच्या हॉलमध्ये ओळीनं बाकं लावली होती. आमच्या उजवीकडं ज्वालामुखी होता, डावीकडं पाण्याचं चक्र. पंखे घरघरत होते, एका मॉडेलचा पंप गुरगुरत होता, पोरं माहिती सांगत होती आणि कुणाचं कुणाला ऐकू येत नव्हतं. पूर्णिमा फाटकाबाहेर थांबणार होती. पण मला उचलायला माणूस लागतो, म्हणून तिला आत यावं लागलं. ती बाकाच्या मागं, भिंतीला चिकटून, पदर दोन्ही हातांनी धरून उभी राहिली.

दीप्ती मॅडम आल्या. त्यांच्याबरोबर विज्ञानाचे महादेव सर होते, गुण देणारे. चांगला माणूस. कन्नड बोलणारे, पण प्रत्येक पोराला त्याच्या भाषेत सुरुवात करून द्यायचे.

"हेळम्मा," ते राणीला म्हणाले. "सांग. इंग्लिश, कन्नड, मराठी, काय पण चालतंय."

राणीनं ओठ हलवले. अगदी शिकवल्याप्रमाणं.

सर वाकले. दीप्ती मॅडम वाकल्या. मागून पूर्णिमा कुजबुजली, "माय नेम इज..." तेही कुणाला ऐकू आलं नाही. पूर्णिमाला आता दिसत होतं ते एवढंच: तिसरीचा वर्ग, लहान लहान बाकं आणि त्यात गुडघे अडकवून बसलेली आपली लेक.

"बरं, चालवून दाखव," सर म्हणाले.

राणीनं सेल घातले आणि खटके दाबले. माझ्यात काही आलं नाही. डोळ्यांतले दिवे लागले नाहीत. तिनं परत दाबले. ज्वालामुखीवाल्या पोरानं मान लांब करून बघितलं.

"राहू दे पुट्टी, नंतर बघूया," सर कन्नडात लहान पोरीला म्हणतात तसं हळुवार म्हणाले आणि ज्वालामुखीकडं वळले. दीप्ती मॅडमनी पूर्णिमाकडं बघितलं. वाईट वाटल्यासारखं बघितलं. तसं बघणं पूर्णिमाला सगळ्यात जास्त लागतं.

राणीनं रिमोटपासून वायर बोटांत धरली आणि बोटं सरकवत सरकवत माझ्या पाठीपर्यंत आली. मागवाल्याची पोर. डोळ्यांना न दिसणारी गाठ त्या बोटांना सापडली. तिनं चंदेरी कागद टराटरा फाडला. बघितलं.

"आईऽऽ! वायरला गाठ मारलीस व्हय गं!"

पंखे, पंप, पोरं, सगळ्यांच्या वरून. दोन मागांचा सराव असलेला आवाज तो. हॉल गप्प झाला. पाण्याच्या चक्रातलं पाणी सोडलं तर सगळं थांबलं. सगळ्या माना आमच्याकडं वळल्या. आणि ज्वालामुखीवाल्या पोरानं दोन्ही कानांत बोटं घातली.

राणीनं ते बघितलं. मी राणीला बघितलं. तिचं तोंड मिटायला लागलं. ओठांच्या कडा आत ओढल्या गेल्या, जून महिन्यात ओढल्या गेल्या असतील तशाच. आता मिटलं तर ते परत उघडेल असं मला वाटत नव्हतं.

पूर्णिमा भिंतीला चिकटूनच होती. तिनंही बोटं बघितली, लेकीचं तोंड बघितलं. काय समजायचं ते तिला त्या एका क्षणात समजलं. मी इतके दिवस पोटात धरून बसलेलं गुपित कुणी न सांगता तिच्यापर्यंत पोचलं. तिनं पदर सोडला. एक पाऊल पुढं टाकलं. आणि घरातल्या आवाजात म्हणाली, "व्हय! म्याच मारली! सकाळी तुटलती!"

हॉल दुसऱ्यांदा दचकला.

राणीनं वळून आईकडं बघितलं. शाळेत, एवढ्या लोकांत, आपली आई. तिचं तोंड उघडलं.

"अगं पण गाठ मारून करंट जातोय व्हय?"

"मला काय म्हाईत! धागा तुटल्यावर काय करत्यात? गाठच मारत्यात!"

"ह्यो धागा न्हवं! वर प्लास्टिक हाय! प्लास्टिकमधनं करंट जात न्हाय! आत तार असती तांब्याची, तारेला तार लागाय पाहिजे, मग जातोय!"

"मग सोड की गाठ!"

"सुटंना! तू मारलेली गाठ कधी सुटलीय?"

"काप मग!"

"कशानं कापू? नेलकटर घरात हाय!"

"आण हिकडं, दातानं तोडतो!"

आणि पूर्णिमानं इंग्रजी शाळेच्या हॉलमध्ये, मोठ्या मॅडमसुद्धा दारात येऊन उभ्या राहिल्या असताना, मला काखोटीला मारलं आणि वायरला दात लावला. महादेव सर ज्वालामुखी सोडून परत आले होते. त्यांनी खिशातनं किल्ल्यांचा जुडगा काढला, त्याला लहान चाकू होता. तो राणीच्या हातात न देता त्यांनी स्वतःच गाठ कापली आणि साल सोललं.

"दोन वायर कशाला? एक असली तर नाही चालणार?" सरांनी विचारलं.

"न्हाय सर! एक जायला, एक यायला! वन गोइंग, वन कमिंग!" राणी त्याच आवाजात म्हणाली. "सेलमधनं निघाला की मोटारीतनं फिरून परत सेलला यायला पाहिजे! मध्ये कुठं तुटलं की सगळंच थांबतंय!"

"आणि हा कोण?"

"झिंटॉन! झिलमिल ग्रहावरचा!"

"काय काम करतो?"

राणीनं थोडा विचार केला. "काय न्हाय सर. गोल फिरतोय. उजवी मोटार जास्त पळती, त्यामुळं."

तारा पिळल्या गेल्या. खटके दाबले. माझ्यात करंट आला. कुणी थंडीत चहा दिल्यावर तुम्हाला येतं तसं काहीतरी असावं. डोळ्यांतले दिवे लागले आणि मी फिरलो. एक फेरी, दोन फेऱ्या, मग बाकाच्या कडेला जाऊन खाली पडलो. उजवा हात तुटला. टिकल्या लांबवर उडाल्या. एक दीप्ती मॅडमच्या चपलेवर बसली आणि दिवसभर तिथंच राहिली.

बक्षीस ज्वालामुखीला मिळालं. तो सुंदर फुटला.

जाताना दीप्ती मॅडम पूर्णिमाजवळ आल्या. सवयीनं वाकल्या. "तिसरीचा विषय संपला," त्या म्हणाल्या. "मोठ्या मॅडमनी दारातनंच ऐकलं सगळं. आता वेगळं काही विचारायची गरज नाही म्हणाल्या."

पूर्णिमा म्हणाली, "बरं." या वेळी मॅडमना ऐकू गेलं. बाहेर स्कूटरवर बसलेल्या किशनलाही.

घरी येताना पूर्णिमा रडली. का, असं किशननं विचारलं तेव्हा तिनं सांगितलं की रोबोटचा हात मोडला म्हणून. मी ते मनाला लावून घेतलं नाही.

आता माझी स्थिती सांगतो. मी मागांच्या खोलीत, खिडकीच्या फळीवर असतो. हात एकच. चंदेरी कागदावर सुताचा भुगा बसतो. डोळ्यांचे दिवे काढून राणीनं कशाला तरी लावले. मोटारी काढून ती पंखा करतेय, आजीसाठी. पंखा अजून उलटं वारं सोडतो, पण सोनाबाई त्याच्या मागच्या बाजूला बसते, त्यामुळं तक्रार नाही. सेल भिंतीवरच्या घड्याळात गेले. एकूण मी या घरात पुष्कळ ठिकाणी आहे.

वर्गातली पोरं अजून कधी कधी कानात बोटं घालतात. राणी त्यांना बोटं काढेपर्यंत थांबते आणि मग पुढं बोलते. पूर्णिमाच्या काळज्या संपल्या असं मी म्हणणार नाही. काल तिला वाटलं राणीची उंची वाढत नाहीये. परवा वाटलं फारच वाढतेय.

माझ्या कानाशी मात्र आता कुणी येत नाही. संध्याकाळी राणी दप्तर टाकते, कांड्यांच्या चाकाशेजारी बसते आणि शाळेतलं सगळं, चांगलं-वाईट, कुणी काय म्हटलं, कुणी चिडवलं, ते आईला सांगते. मागांच्या वरून सांगते. मला फळीवर बसून फुकटात ऐकायला मिळतं. पूर्वी ती फक्त मला सांगायची. मी त्यावर काहीच करू शकत नव्हतो. आता चाक थांबतं, पूर्णिमा तिच्याकडं तोंड वळवते आणि म्हणते, "मग तू काय म्हणालीस?"

हे मला कधी विचारता आलं नसतं.

तेव्हा जाता जाता एक सांगतो. तुमच्या घरी एखादं लेकरू डबा, खोकं, उशी असल्या कशाच्या तरी कानाशी लागून बोलताना दिसलं तर हसून पुढं जाऊ नका. हातातलं काम ठेवा, जवळ जाऊन बसा, आणि त्याला तुमच्याकडं वळू द्या. आम्हा खोक्यांची काही हरकत नसते.